लाल चतुर नेमका कोणता? रंग बघावा की खुणा

पाण्याकाठी काढलेला लाल चतुराचा फोटो समोर आहे, आणि तीन-चार नावांत घोटाळा होतोय. हे लिखाण त्या वेळेसाठी. माझं मत आधीच सांगून टाकते: रंगामुळे नावांची यादी आखूड होते, पण निकाल लावायचा तो पंखांवरच्या डागांनी, पोटावरच्या (आपण ज्याला शेपटी म्हणतो त्यावरच्या) रेघांनी आणि बांध्याने.

रंगावर सगळी भिस्त ठेवता येत नाही, कारण तो वयाप्रमाणे बदलतो. कात टाकून नुकताच बाहेर आलेला चतुर कोणत्याही जातीचा असला तरी फिकट, मऊ आणि चकचकीत पंखांचा दिसतो. पुढे लाल होणारा नरही आधी काही दिवस पिवळाच असतो. जपानी संशोधकांनी 2012 मध्ये दाखवून दिलं की पिवळ्याचा लाल होताना नवा रंग तयार व्हावा लागत नाही. अंगात असलेल्या ओमोक्रोम रंगद्रव्याचं क्षपण (ऑक्सिडेशनच्या उलटा रासायनिक बदल) झालं की तोच रंग लाल दिसायला लागतो. पिवळ्या चतुरांना त्यांनी क जीवनसत्त्वाचं इंजेक्शन दिलं, तर तेही लाल झाले! म्हणजे आज पिवळा दिसलेला नर पुढे लालभडक होऊ शकतो. पोटावरची काळी रेघ मात्र तशीच राहते.

आता लाल नर शेजारी शेजारी ठेवू. डोळे, चेहरा, छाती, पोट असं सगळंच रक्तासारखं लाल, आणि पोटाच्या पाठीवर मधोमध बारीक काळी रेघ असेल, तर तो स्कार्लेट स्किमर, म्हणजे क्रोकोथेमिस सर्व्हिलिया. त्याच्या पंखांच्या मुळाशी मधाच्या रंगाचा छोटा डाग असतो, बाकी पंख स्वच्छ. डिच ज्वेल म्हणजे ब्रॅकिथेमिस कंटॅमिनाटा याहून लहान असतो आणि लालपेक्षा शेंदरीकडे झुकतो. त्याची खूण लांबूनही चुकत नाही: पंखाचा बराचसा भाग नारिंगी, टोकाकडचा तेवढा पारदर्शक. घाण पाण्यावर तो भरपूर दिसतो आणि त्याच्या इंग्रजी नावातल्या ‘डिच’चा, म्हणजे नाल्याचा, रोखही तिकडेच आहे.

खरी गफलत पुढच्या दोघांत होते. क्रिमसन मार्श ग्लायडर, म्हणजे ट्रायथेमिस अरोरा, हा लाल नव्हे तर सरळ राणी रंगाचा. पण उन्हात काढलेल्या फोटोत राणी रंग लाल उतरतो आणि सावलीत जांभळट, त्यामुळे तिथे अडकू नये. फोटो मोठा करून पंखाच्या शिरा बघाव्यात. अरोराच्या नराच्या शिराच किरमिजी असतात, रंगीत दोऱ्याने विणलेल्या जाळीसारख्या. ऑर्थेट्रम प्रुइनोसम थोडा मोठा. त्याचं पोट गुलाबीसर लाल, छाती मात्र निळसर-जांभळट किंवा तपकिरी, आणि शिरा गडद. दोन रंगांचा चतुर वाटला की आधी हाच आठवावा. लालभडक अंग, पण पोटाच्या टोकाकडच्या आठव्या-नवव्या खंडावर काळे ठिपके आणि मागच्या पंखाच्या मुळाशी गडद डाग, असं दिसलं तर तो युरोथेमिस सिग्नाटा. या चौघा-पाचांत मला सर्वांत भरवशाची वाटते ती अरोराच्या शिरांची खूण. एकदा बघितली की विसरत नाही.

माद्या अवघड. स्कार्लेट स्किमरची मादी आणि डिच ज्वेलची मादी दोन्ही मळकट पिवळ्या, पंखांवर नजरेत भरेल असं काही नाही. इथे आकारमान कामी येतं: डिच ज्वेलचं पोट साधारण 2 सेंटिमीटरचं, स्कार्लेटच्या मादीचं त्याहून स्पष्ट लांब. पाठीवरची काळी रेघ स्कार्लेटच्या मादीत जास्त ठळक असते. (पोटाचे 10 खंड असतात, आणि कितव्या खंडावर काय आहे हे मोजायची सवय लावून घेतली की निम्मं काम होतं.)

निळ्यांची गोष्ट वेगळी. त्यांचा निळा बहुधा अंगावर चढलेल्या मेणासारख्या पुडीचा असतो, द्राक्षांवर असते तशी. ती वयाने वाढते आणि घासली की जाते. ऑर्थेट्रम गटातल्याच एका निळ्या नराच्या पोटावर दोन्ही बाजूंना काळे ओरखडे दिसले, तेव्हा ती जातीची खूण समजून मी बराच वेळ शोधत बसले होते. मीलनाच्या वेळी मादीने पाय रोवले होते, तिथली पूड निघाली होती, एवढंच ते. ग्राउंड स्किमर, म्हणजे डिप्लाकोडेस ट्रिव्हियालिस, याचा तरुण नर मादीसारखाच हिरवट-पिवळा आणि काळ्या नक्षीचा असतो. पूड चढत जाते तशी नक्षी झाकली जाते. मध्येच गाठला, तर अर्धी नक्षी आणि अर्धा निळा.

याच हिरवट-काळ्या रूपामुळे तो स्लेंडर स्किमरशी, म्हणजे ऑर्थेट्रम सबिनाशी, गोंधळतो. दोघांच्या पोटाच्या टोकाला फिकट उपांगं (छोटे जोड-अवयव) असल्यामुळे ती खूणही उपयोगाची नाही. इथे रंग आणि नक्षी बाजूला ठेवून बांधा बघावा. सबिनाचं पोट बुडाशी फुगीर, मग एकदम काडीसारखं बारीक आणि टोकाला पुन्हा किंचित रुंद. शिवाय त्याचे नर-मादी सारखेच दिसतात. ग्राउंड स्किमर बराच लहान, जमिनीला चिकटून बसणारा, आणि पोट हळूहळू निमुळतं होत जाणारं.

थव्याने घिरट्या घालणारे सोनेरी चतुर बहुतेक वेळा पँटाला फ्लॅव्हेसेन्स असतात. ट्रॅमिया नावाचा चतुरही तसाच रुंद पंखांचा, पण त्याच्या मागच्या पंखाच्या मुळाशी गडद डाग असतो. पँटालाला तो नसतो. आकाशाकडे बघतानाही हे कळतं.

फोटो काढताना एक वरून आणि एक बाजूने घ्यावा. वरून पंखाचा डाग आणि पाठीवरची रेघ मिळते, बाजूने छातीवरचे पट्टे. शिवाय नराच्या दुसऱ्या खंडाखाली उंचवटा असतो, तो बाजूनेच दिसतो. त्यावरून नर की मादी हा प्रश्न सुटतो. मेलेल्या चतुराचे रंग लवकर उडतात, म्हणून जिवंतपणीचा फोटोच धरून चालावा. आणि एवढं करूनही काही माद्या नाव सांगत नाहीत. माझ्या वहीत अशा एका कोवळ्या मादीपुढे ‘ट्रायथेमिस’ एवढंच लिहिलेलं आहे, पुढची जागा मोकळी.