बायोटेकमध्ये पैसे घालताना: तोट्यातली कंपनी की नफ्यातली?

सावली-मंजुसरकडच्या एखाद्या नव्या बायोटेक कंपनीत पैसे घालायचे म्हटलं, की बडोद्याचा माणूस आधी विचारतो, नफा किती? या धंद्यात तोच आकडा सगळ्यात फसवा.

समजा, दोन कंपन्या आहेत. 'क' नवं औषध शोधतेय, विक्री शून्य. 'ख' एन्झाइम विकते, दुसऱ्यांच्या चाचण्या करून देते. विक्री दीड कोटी, नफा १२ लाख. केंद्राच्या कंपनी मंत्रालयाच्या एमसीए पोर्टलवर प्रत्येकी १०० रुपये भरून दोघींचा एओसी-४ (वर्षाचे हिशेब दाखल करायचा फॉर्म) उघडा.

'क'च्या ताळेबंदासोबत कॅश फ्लो, म्हणजे रोकड कुठून आली आणि कुठे गेली याचा तक्ता, बहुधा नसेल. खासगी स्टार्टअपला २०१७ पासून त्यातून सूट आहे. मग आकडेमोड आपणच करायची. बँक आणि एफडी मिळून गेल्या मार्चला ४.२० कोटी, या मार्चला २.४० कोटी. वर्षात नव्या शेअर्सचे ६० लाख आणि अनुदानाचे २० लाख आले, तेही संपले. म्हणजे खर्च झाले २.६० कोटी, महिन्याला साधारण २२ लाख. शिल्लक ११ महिने पुरेल. पण थांबा, हे गणित ३१ मार्चचं. भागधारकांची वार्षिक सभा सप्टेंबरअखेर झाली तर एओसी-४ ऑक्टोबरच्या शेवटी दिसतो. तुम्ही वाचेपर्यंत ७ महिने गेलेले असतात, हातात उरतात ४.

आता 'ख'. इतर उत्पन्नात अनुदानाचे २५ लाख बसलेत; दरवर्षी मिळतीलच असं नाही. शिवाय 'इन्टँजिबल अ‍ॅसेट्स अंडर डेव्हलपमेंट' (अजून तयार होत असलेली, हाताला न लागणारी मालमत्ता, जसं नवं तंत्रज्ञान) वर्षात ७० लाखांनी फुगलंय. पगार आणि रसायनांचा खर्च तिथे नेऊन ठेवला, की नफा आपोआप दिसतो. एएस-२६ या हिशेबाच्या नियमाप्रमाणे संशोधनाचा खर्च त्याच वर्षी खर्ची घालावा लागतो. विकासाचा खर्च मालमत्तेत धरायचा तर उत्पादन तांत्रिकदृष्ट्या जमेल आणि विकलं जाईल हे दाखवावं लागतं. १२ मधून २५ आणि ७० वजा करा: ८३ लाखांचा तोटा. २०२१-२२ पासून मालमत्तेत धरलेल्या या खर्चाचं वयही वर्षवार छापावं लागतं. ३ वर्षांहून जुना आकडा मोठा असेल आणि माल बाजारात नसेल, तर तो कधीतरी एकदम बुडीत निघणार. येणं बाकीचा तक्ताही तसाच वाचा. ६ महिन्यांपुढची उधारी ही कागदी विक्री.

आमच्या मते 'क'चे हिशेब स्वच्छ आहेत, पण पुढच्या गुंतवणूक फेरीची सही झालेली टर्म शीट (गुंतवणूकदाराशी ठरलेल्या अटींचा कागद) बघितल्याशिवाय तिला पैसे देऊ नयेत. बायरॅक या बायोटेकला मदत करणाऱ्या केंद्र सरकारच्या संस्थेचं बिग अनुदान (५० लाखांपर्यंत, १८ महिने) असेल, तर ठरलेला टप्पा गाठून पुढचा हप्ता आला का ते विचारा. तो आला असेल, तर बाहेरच्या कुणीतरी काम तपासलंय. 'ख'चा विकासखर्च वर्षाच्या आतला आणि उधारी ताजी असेल, तर पहिली पसंती तिलाच, फक्त शेअरचा भाव ८३ लाखांचा तोटा धरून ठरवायचा.

दोन्हीकडे पीएएस-३ (शेअर वाटपाचा फॉर्म) मध्ये शेवटचे शेअर कोणत्या भावाला दिले ते बघा, आणि आर्टिकल्समध्ये (कंपनीच्या अंतर्गत नियमांत) प्रेफरन्स शेअरवाल्यांचा पैशावर पहिला हक्क किती तेही. मुदतीआधी ऑडिटरने राजीनामा दिला असेल, तर एडीटी-३ या राजीनाम्याच्या फॉर्ममधलं कारण वाचल्याशिवाय पुढे बोलूच नका.