थरथरत्या हातासाठी वजनदार चमचा: खानदेशी ताटावर कितपत टिकतो?

आधी शब्द नीट लावावा, नाहीतर चमचा चुकीच्या हातात जातो. हुडहुडी थंडीची किंवा तापाची. कारण गेलं की थांबते. कापरं भीतीनं भरतं. कंप मात्र रोज सोबत असतो, आणि त्याच्याही तऱ्हा आहेत. कंपवातात (पार्किन्सनमध्ये) बहुधा हात मांडीवर निवांत असताना थरथरतो, दुसऱ्या तऱ्हेत घास उचलतानाच. डब्यावर ‘कंपवातासाठी’ लिहिलेलं असलं, तरी जड चमच्याचा फायदा घास उचलताना थरथरणाऱ्यांपैकी काहींनाच होतो. पकड कमजोर असेल तर २०० ग्रॅमचं ओझं उलट हात थकवतं. म्हणून घेण्याआधी दहा-बारा घास खाऊन बघाच.

वरण-बट्टी चुरून, वरण जरा घट्ट ठेवलं, की चमचा उत्तम चालतो. भरीतही सुखानं खाता येतं. खरी कसोटी शेवभाजीची: पातळ रस्सा काठोकाठ घेतला तर सांडणारच. अर्धाच भरावा, शेव रश्श्यात मुरू द्यावी. कढी मात्र झाकणाच्या, दोन कानांच्या पेल्यातूनच द्यावी, तीही कोमट. ताट जमिनीवर नको. टेबलावर कोपर टेकवलं की निम्मं काम होतं.

रबरी मुठीला तर्रीचं तेल लागलं की ती निसटते. मूठ निघणारी असेल तरच घ्या. नाहीतर आत पाणी साचून वास धरतो. मान वाकवता येणारा चमचा एकदाच हव्या कोनात वाकवावा, रोज वाकवला तर तिथेच तुटतो.

हातांचा कंप नवा असेल तर चमच्याआधी डॉक्टर गाठा. थायरॉइड किंवा दम्याच्या काही औषधांमुळेही हात थरथरतात.