ॲरन विणावा की गॅन्झी?

साधे दोन-तीन स्वेटर हातून झाले, सुलट-उलट टाके न बघता पडायला लागले, की मनात एक मोठं काम घोळायला लागतं. उठावदार वीण असलेला, खऱ्या लोकरीचा, वर्षानुवर्षं टिकणारा स्वेटर. घरातलं कुणी आयर्लंडला किंवा ब्रिटनला असेल तर निमित्तही तयार असतं. अशा वेळी बहुतेक जणी ॲरन निवडतात, कारण साईच्या रंगाचा, अंगभर पीळ आणि वेण्या असलेला तो स्वेटर सगळ्यांनी कुठे ना कुठे पाहिलेला असतो. गॅन्झी या मच्छीमारांच्या जुन्या स्वेटरचं नाव फार थोड्या जणींना माहीत असतं.

मी दोन्ही विणलेत. ॲरन आयर्लंडमध्ये गॉलवेजवळ राहणाऱ्या भावासाठी, गॅन्झी स्कॉटलंडमध्ये ॲबर्डीनला नोकरी करणाऱ्या भाच्यासाठी. कुणी विचारलं तर मी आधी उलट विचारते, की तो स्वेटर नंतर कसा वापरला जाणार आहे. विणण्याचा आनंद आणि पाहणाऱ्याचं कौतुक हवं असेल तर ॲरन. रोज घातला जाणार असेल, झिजणार असेल, दुरुस्त करून पुन्हा घातला जाणार असेल तर गॅन्झी. नात्याने पाहिलं तर गॅन्झी थोरली आणि ॲरन धाकटा, म्हणून थोरलीपासून सुरुवात करते.

गॅन्झी हे इंग्लिश खाडीतल्या 'गर्न्सी' या बेटाच्या नावाचं बोलीतलं रूप. आपल्याला हा शब्द खरं तर परका नाही. आजोबा सदऱ्याच्या आत घालायचे तो गंजीफ्रॉक म्हणजे मूळचा 'गर्न्सी फ्रॉक'. इथल्या हवेत लोकर गळाली आणि सुती बनियन तेवढा उरला. तिकडे मात्र एकोणिसाव्या शतकात कॉर्नवॉलपासून स्कॉटलंडपर्यंतच्या मच्छीमारांचा हा कामाचा कपडा होता. गडद निळा, अंगाबरोबर बसणारा, इतका गच्च विणलेला की वारा सहज आत शिरू नये. फायली, शेरिंगहॅम, पोलपेरो, एरिस्के अशा गावांची आणि बेटांची नावं आजही त्या त्या विणींना चिकटलेली आहेत. पण त्या विणी गावाच्या वेशीत राहिल्या नाहीत. हेरिंग माशांच्या हंगामात स्कॉटलंडच्या किनाऱ्यावरच्या मुली बोटींच्या मागोमाग शेटलंडपासून थेट इंग्लंडातल्या यारमथ आणि लोस्टॉफ्टपर्यंत जात. मासे साफ करताना सुरी लागू नये म्हणून बोटांना चिंध्या बांधत, आणि काम थांबलं की त्याच हातांनी विणत. एका बंदरात पाहिलेली शिडीची किंवा बोटीच्या नांगराची नक्षी पुढच्या बंदरात दुसरीच्या सुईवर चढे.

ॲरन त्या मानाने तरुण. गॉलवेच्या उपसागराच्या तोंडाशी इनिश मोर, इनिश मान आणि इनिश ईर ही तीन ॲरन बेटं आहेत, स्वेटरचं नाव त्यांच्यावरूनच. पश्चिम आयर्लंडच्या गरीब किनाऱ्यावर मासेमारी वाढावी म्हणून १८९१ साली सरकारने कंजेस्टेड डिस्ट्रिक्ट्स बोर्ड नेमलं, त्या काळात बाहेरचे मच्छीमार इकडे आले आणि त्यांच्याबरोबर गॅन्झीची वीणही आली, असं बहुतेक अभ्यासक मानतात. बेटावरच्या बायकांनी ती घेतली, जाड पांढऱ्या लोकरीत उतरवली आणि पिळांनी अंग भरून टाकलं. म्हणजे आपण पाहतो तो ॲरन विसाव्या शतकातला. १९६१ मध्ये क्लॅन्सी ब्रदर्स आणि टॉमी मेकम हे गायक एड सुलिव्हनच्या अमेरिकन टीव्ही कार्यक्रमात तो घालून गायले, आणि त्यानंतर मागणी अशी वाढली की विणणाऱ्या बायका पुऱ्या पडेनात.

इथे थोडं थांबते, कारण या निवडीत माणसं सर्वांत जास्त एका गोष्टीला भुलतात. प्रत्येक आयरिश घराण्याची स्वतःची वीण असायची आणि बुडालेल्या मच्छीमाराचं प्रेत त्यावरून ओळखलं जायचं, असं दुकानात सांगतात, आडनावाप्रमाणे स्वेटरही विकतात. घराण्याच्या विणींना कसलाही पुरावा नाही. प्रेत ओळखण्याची गोष्ट मुख्यतः आयरिश नाटककार जॉन सिंग यांच्या १९०४ साली रंगभूमीवर आलेल्या 'रायडर्स टू द सी' या नाटकातून पसरली, आणि त्यातही ओळख पटते ती एका साध्या पायमोज्यावरून: बहिणीला त्यात सुटलेले चार टाके आठवतात. प्राचीन धार्मिक अर्थांची भर नंतर पडली. ऑक्सफर्डचे व्यापारी हाइन्झ एडगर कीव्ह यांनी १९३६ मध्ये डब्लिनमध्ये असा एक स्वेटर विकत घेतला आणि पुढे त्याच्या विणींचं नातं हजारो वर्षांपूर्वीच्या खुणांशी जोडलं. मला या गोष्टींचा राग येतो तो एवढ्यासाठी, की त्यांच्यामुळे खऱ्या बायका झाकल्या जातात. कुणी शिकवलेली वीण घेऊन, घर चालावं म्हणून, दिव्याच्या उजेडात नवी वीण बसवणाऱ्या बायका मला कुठल्याही प्राचीन खुणेपेक्षा मोठ्या वाटतात. तेव्हा ॲरन निवडायचा तर त्या पिळांसाठी निवडा, आडनावासाठी नको.

आता हाताचा हिशोब. ॲरनची लोकर जाड, सुया साडेचार ते पाच मिलिमीटरच्या. साध्या विणीत दहा सेंटिमीटरच्या चौकोनात साधारण १८ टाके आणि २४ ओळी, म्हणजे ४३२ टाके. गॅन्झीची लोकर पाच पेडी, घट्ट पिळाची, आणि सुया सव्वादोन मिलिमीटरच्या. तेवढ्याच चौकोनात २८ टाके आणि निदान ३६ ओळी धरा, की हजाराच्या वर टाके होतात. छाती १०० सेंटिमीटर असेल तर एका फेरीत २८० टाके! माझा ॲरन दिवाळीनंतर सुरू होऊन होळीच्या आत संपला. गॅन्झीला एक हिवाळा आणि एक अख्खा पावसाळा लागला.

टाके कमी म्हणून ॲरन सोपा, असं मात्र नाही. त्यात लक्ष सतत जागं ठेवावं लागतं. एक पीळ दर सहाव्या ओळीला, शेजारची वेणी दर चौथ्या ओळीला, मधला चौकट प्रत्येक सुलट बाजूला एक टाका सरकत जाणारा, कडेला दाणेदार वीण. गप्पा मारत हे होत नाही. पीळ उलट्या दिशेला पडला आणि वीस ओळींनी लक्षात आलं, तर सगळं उसवू नका. तेवढेच सहा-आठ टाके सुईवरून सोडून खाली उतरवा आणि दोन छोट्या सुयांवर पुन्हा वर आणा. पहिल्यांदा छातीत धडधडतं, पण जमतं. आणखी एक, पीळ कापड आत ओढून घेतो. साध्या विणीच्या मापाने टाके घातले तर स्वेटर हमखास तंग होतो, म्हणून ज्या विणी घेणार त्यांचाच नमुना आधी विणून, धुऊन, वाळवून मोजायचा.

गॅन्झीत जवळजवळ सगळं काम सुलट आणि उलट या दोनच टाक्यांत होतं, पीळ असला तर एखादा बारीकसा. कमरेपासून छातीपर्यंत गोल गोल, नुसतं सुलट. ही वीण हातात घेऊन मी मालिका पाहिल्या, दवाखान्यात नंबर लागेपर्यंत बसले, पुणे-नाशिक प्रवास केले. अडचण वेगळीच आहे, ती डोळ्यांची. गडद निळ्या लोकरीत उलटा टाका रात्री दिसत नाही. चाळिशी ओलांडली असेल तर दिवसाउजेडी विणा किंवा फिकट रंग घ्या. पारंपरिक निळाच असतो म्हणून डोळे शिणवू नका.

आणि रचना! गॅन्झीवर माझं मन जडलं ते तिच्या रचनेमुळे. ॲरन बहुतेक वेळा पाठ, पुढचा भाग आणि दोन बाह्या असे सुटे तुकडे विणून शिवतात. गॅन्झीला शिवणच नसते. अंग गोल विणायचं आणि बगलेशी टाके वाढवत नेऊन चौकोनी कळी घालायची. आपल्या जुन्या सदऱ्याच्या बगलेत शिंपी कळी घालायचे तीच ही, जाळं ओढताना हात वर गेला तरी कपडा ताणू नये म्हणून. पुढे खांदे जुळवले, की मुंढ्यावर टाके उचलून बाही वरून खाली मनगटाकडे विणायची. यात सगळं शहाणपण आहे. बाही आधी मनगटाशीच फाटते. ती खालून उसवायची, टाके सुईवर घ्यायचे आणि नव्या लोकरीने पुन्हा विणायची. वाढत्या मुलासाठी हीच सोय बाही लांबवायला उपयोगी पडते. बऱ्याच गॅन्झींत पुढची आणि मागची बाजू सारखीच असते, त्यामुळे उलटसुलट घालून कोपरं सारखी झिजवता येतात. ॲरनची बाही बहुधा मनगटाकडून वर विणलेली असते. खालून उसवायला गेलात तर लोकर अशी सरळ सुटत येत नाही, कातरून टाके पकडावे लागतात.

अंगावर दोन्हींची जागा वेगळी. ॲरन ढगळ, त्याचं वजन किलोच्या आसपास जातं, पिळांच्या फटींत हवा अडकून ऊब येते. तो स्वतःच कोटाची जागा घेतो. हीटर लावलेल्या घरात किंवा ऑफिसात भावाला तो अर्धा तासही सोसत नाही, समुद्रावर फिरायला मात्र दुसरं काही नको असतं. गॅन्झी त्याच्या दोन तृतीयांश वजनाची, अंगालगत, वर जाकीट सहज बसतं. भाचा ती नोव्हेंबर ते मार्च जवळजवळ रोज घालतो. टोचण्याबद्दल सांगायचं तर घोंगडीची सवय असलेल्यांना दोन्ही मऊ वाटतील, बाकीच्यांनी आत पातळ पूर्ण बाहीचा शर्ट घालावा. पुण्या-नाशिकला राहणाऱ्यासाठी मी यातलं काहीच सुचवणार नाही. चार दिवसांच्या थंडीसाठी एवढी मेहनत कपाटात पडून राहील. मुंबईत आणि कोकणात तर नाहीच.

धुणं दोन्हींचं सारखं: थंड पाणी, लोकरीचा साबण, न चोळता दाबून, टॉवेलात गुंडाळून पाणी काढायचं आणि सपाट जागी पसरून वाळवायचं. भावाने पहिल्याच खेपेला ओला ॲरन हँगरला लावला. पाण्याच्या वजनाने तो असा लोंबला, की मांड्यांपर्यंत आला. पुन्हा भिजवून, मापात पसरून बराचसा सावरला, सगळा नाही. गॅन्झीची गच्च वीण ही हेळसांड जास्त सोसते. उन्हाळ्यात ठेवताना मात्र दोन्ही धुऊनच ठेवा. घामाच्या आणि तेलाच्या डागांवर कसर आधी येते, डांबरगोळ्या असोत की कडुनिंबाचा पाला.

विकतच घ्यायचा असेल तर निवड जवळजवळ झालेलीच आहे. ॲरन आयर्लंडमध्ये दुकानोदुकानी मिळतो. त्यातले बहुतेक यंत्रावरचे आणि मऊ मेरिनोचे, म्हणजे आयर्लंडच्या मेंढ्यांची लोकर नव्हे. त्यात वाईट काही नाही, फक्त हातविणीचा समजून पैसे मोजू नका. हातविणीचा जड असतो आणि त्याची किंमत बहुधा दुपटीच्या पुढे जाते. पाटीवर 'हँड निटेड' असं स्पष्ट लिहिलंय का ते वाचा. 'हँड लूम्ड' म्हणजे हाताने चालवलेलं यंत्र. हाताने विणलेल्या गॅन्झीत इतके तास जातात, की विणणारीला त्याचे रास्त पैसे द्यायचे म्हटलं तर आकडा बहुतेकांना झेपत नाही. म्हणून गॅन्झी हवी असेल तर स्वतः विणा, हे मी अगदी मनापासून सांगते.

लोकर घेतानाही थोडं जपून. आपल्या बाजारात 'लोकर' म्हणून मिळतं ते बहुतांशी ॲक्रिलिक असतं. त्यात ॲरनचे पीळ दिसायला बरे दिसतात, सरावाला ते चालेलही. गॅन्झी त्यात करू नका. तिचं सगळं सौंदर्य घट्ट पिळाच्या खऱ्या लोकरीतून येतं, कारण अशा लोकरीत एकेक टाका कोरल्यासारखा उभा राहतो. पाच पेडी लोकर मिळाली नाही, तर शुद्ध लोकरीची चांगली पिळाची बारीक लड घेऊन अडीच मिलिमीटरच्या सुयांवर आधी नमुना विणून बघा. परदेशातून कुणी येणार असेल तर तिकडूनच मागवणं उत्तम.

गॅन्झी ठरवलीत तर एक गोष्ट चुकवू नका. खालच्या काठाच्या जरा वर, साध्या सुलट जागेत, घालणाऱ्याची आद्याक्षरं उलट टाक्यांनी विणायची जुनी रीत आहे. मी भाच्याची देवनागरीत घातली. उलट टाक्यांची आडवी ओळ उठून वर येते आणि उभी ओळ आत दबते, म्हणून कान्याची उभी रेघ नुसत्या उलट टाक्यांनी बुजून गेली. ती उसवून दोन टाके रुंद, एकाआड एक दाणेदार केली तेव्हा कुठे दिसायला लागली. शिरोरेखेला असलं काही करावं लागलं नाही, ती एका फेरीतच ठसठशीत उमटली. गॅन्झी खालून वर विणत जातात, त्यामुळे अक्षरं आधी झाली आणि वरची रेघ सर्वांत शेवटी आली, पाटीवर लिहिताना यायची तशी.