किंग फहद कॉजवे: रस्त्याला पैकीच्या पैकी, खिडक्यांना काठावर पास

सौदीतल्या खोबर-दम्मामच्या मराठी माणसाला गाडीने बहरीन गाठायचं तर वाट एकच, समुद्रावरून जाणारा किंग फहद कॉजवे. मनामातल्या दोनशे वर्षं जुन्या श्रीनाथजींच्या मंदिरात जायचं असो, बाब अल बहरीनमागच्या बाजारात फिरायचं असो, की बहरीनच्या मुहर्रक विमानतळावरून मुंबईचं विमान पकडायचं असो, हे २५ किलोमीटर टळत नाहीत. ही सेवा पारखायची तर तिचे दोन भाग वेगळे धरावे लागतात. एक रस्ता, दुसरं मधलं बेट, जिथे दोन्ही देशांच्या तपासणीच्या खिडक्या आहेत. रस्ता वीस-पंचवीस मिनिटांत संपतो. बेटावर कधी पाऊण तास जातो, कधी अख्खी संध्याकाळ.

आधी रस्ता. सौदी आणि बहरीनचा करार जुलै १९८१ मध्ये झाला, बॅलास्ट नेडाम या डच कंपनीने बांधकाम केलं आणि २६ नोव्हेंबर १९८६ रोजी पूल खुला झाला. खर्च साधारण ८० कोटी डॉलर, आणि तो सगळा सौदीने केला. इथलं पाणी उथळ आहे, म्हणून काही अंतर भराव टाकून आणि बाकीचं खांबांवर, असा हा मार्ग नेलाय. जाण्यायेण्याला दोन-दोन लेन, एकूण रुंदी सुमारे २३ मीटर. खाऱ्या हवेत उभं असलेलं हे काँक्रीट इतकी वर्षं रोजची अवजड वाहतूक झेलतंय, आणि गाडी चालवणाऱ्याला त्याचा त्रास जाणवत नाही. हे काम खरोखर अव्वल आहे.

सौदीने सगळा खर्च का उचलला, हे कळायला तेलाचा हिशोब पाहावा लागतो. तेल शोधणाऱ्या भूवैज्ञानिकांचा दम्मामच्या टेकडीतला रस वाढला तो बहरीनमध्ये १९३२ साली तेल लागल्यावर. १९४५ पासून सौदीचं कच्चं तेल समुद्राखालच्या पाइपलाइनने बहरीनच्या सित्रा रिफायनरीत जातंय. २०१८ मध्ये सुरू झालेल्या नव्या लाइनची क्षमता दिवसाला साडेतीन लाख बॅरल आहे. १९५८ च्या सागरी सीमा करारानुसार अबू सफा तेलक्षेत्र सौदी चालवतो, पण उत्पन्नाचा अर्धा वाटा बहरीनला मिळतो. बहरीनची तिजोरी अडचणीत आली तेव्हा, २०१८ मध्येच, सौदी, अमिराती आणि कुवेत यांनी मिळून दहा अब्ज डॉलरचं साहाय्य जाहीर केलं. मार्च २०११ मध्ये बहरीनमध्ये निदर्शनं पेटली, तेव्हा सौदीचं सैन्य याच पुलावरून आत गेलं. पूल म्हणजे या नात्याचा रोज वापरात असलेला भाग. म्हणूनच इतक्या जवळच्या दोन देशांनी बेटावरचं कागदपत्रांचं काम अजून इतकं अवघड ठेवावं, हे खटकतं.

आता प्रत्यक्ष क्रम. खोबरच्या दक्षिणेला अझीझियाजवळ टोल भरायचा. छोट्या गाडीला बरीच वर्षं २० रियाल होते, २०१६ पासून २५ झाले. पुढेही दर बदलतात, म्हणून निघण्याआधी कॉजवेच्या ‘जिस्र’ ॲपवर पाहून घ्या. गर्दीचा अंदाजही तिथेच मिळतो. बेटावर पोचलात की सौदीचं इमिग्रेशन आणि कस्टम्स, मग बहरीनचं इमिग्रेशन आणि कस्टम्स. गाडीला बहरीनमध्ये लागू असलेला विमा हवा. तो आधी ऑनलाइन काढलेला बरा.

भारतीय पासपोर्टवाल्याने चार गोष्टी घरूनच तपासाव्यात: मूळ पासपोर्ट, चालू इकामा (सौदीतला रहिवासी परवाना), बहरीनचा ई-व्हिसा आणि एक्झिट री-एंट्री, म्हणजे सौदीबाहेर जाऊन परत येण्याची परवानगी. शेवटचीच सगळ्यात जास्त नडते. सिंगल २०० रियालला दोन महिन्यांसाठी, मल्टिपल ५०० ला तीन महिन्यांसाठी. तीन महिन्यांत तीनदा जाणार असाल तर सिंगलचे ६०० होतात, म्हणजे मल्टिपलच परवडते. बायको-मुलांची प्रत्येकाची वेगळी लागते. ‘कंपनीने काढली असेल’ या भरवशावर निघू नका, सौदी सरकारच्या अबशिर पोर्टलवर स्वतः बघा. एकाची जरी राहिली तरी अख्ख्या गाडीला बेटावरून परतावं लागतं, आणि परतायलाही रांगा असतातच.

गाडी स्वतःच्या नावावर नसेल, बँकेच्या लीजवर असेल किंवा मित्राची असेल, तर देशाबाहेर चालवायचं अधिकृत परवानगीपत्र, म्हणजे तफवीद, घ्यावं लागतं. त्याची मुदत परतीच्या तारखेपुढची असू द्या. विम्याचंही तेच. गाडी मुहर्रकच्या पार्किंगमध्ये ठेवून गावी जाणारे नेमके इथे फसतात: विमा तीन दिवसांचा आणि सुट्टी तीन आठवड्यांची.

रांग निवडताना पुढच्या गाड्या मोजू नका, गाड्यांतली माणसं मोजा. आखाती देशांचे नागरिक ओळखपत्रावर झटकन सुटतात. पण सात जणांचं परदेशी कुटुंब असलेली एक गाडी तीन गाड्यांचा वेळ खाते. खिडकीपाशी पोचण्याआधी पासपोर्टांची कव्हरं काढा, व्हिशाची छापील प्रत त्या त्या पासपोर्टात घाला, मागच्या काचा खाली करा म्हणजे अधिकाऱ्याला चेहरे दिसतील. तेवढ्याने खिडकीवरचा वेळ खरंच कमी होतो. ऑगस्टमध्ये एसी चालू ठेवून गाडी इंच-इंच सरकवायची असते, तेव्हा कूलंट आणि पेट्रोल भरूनच निघा.

गर्दीचं वेळापत्रक ठरलेलं आहे. २०१३ मध्ये सौदीची साप्ताहिक सुट्टी गुरुवार-शुक्रवारऐवजी शुक्रवार-शनिवार झाली आणि बहरीनशी जुळली. तेव्हापासून गुरुवारी संध्याकाळी तिकडे जाणारी आणि शनिवारी रात्री इकडे परतणारी लाट येते. ईदच्या सुट्टीत तर विचारूच नका. शुक्रवारी पहाटे जा, शनिवारी दुपारी जेवण होताच परत फिरा. सप्ताहातल्या मधल्या दिवशी हीच सेवा इतकी सुरळीत वाटते की गुरुवारच्या रांगेचं खरं कारण रस्त्याची रुंदी नसून उघड्या खिडक्यांची संख्या आहे, हे लगेच लक्षात येतं.

पैशांची सोय मात्र उत्तम आहे. दोन्ही चलनं डॉलरला बांधलेली, डॉलरला ३.७५ रियाल आणि ०.३७६ दिनार. त्यामुळे बहरीनच्या दुकानांत एका दिनाराला सरळ दहा रियाल घेतात आणि मनी एक्सचेंजची गरज पडत नाही. व्हॅट सौदीत १५ टक्के, बहरीनमध्ये १०. मोठ्या खरेदीत फरक जाणवतो, पण परतताना ३,००० रियालपेक्षा जास्त किमतीच्या नव्या मालावर सौदी कस्टम्स शुल्क लावू शकतं, तेव्हा पावत्या हाताशी ठेवा. ६०,००० रियाल किंवा त्याहून जास्त रोकड वा सोनं असेल तर जाहीर करणं सक्तीचं आहे. बहरीनमध्ये परवानाधारक ठिकाणी दारू मिळते. सौदीत तिची एक बाटलीही नेणं गुन्हा आहे. मित्राच्या गाडीची डिकी स्वतः उघडून बघा.

ट्रकवाल्यांचे हाल वेगळेच. बहरीनला खुष्कीच्या मार्गाने येणारा सगळा माल या एका पुलावरून जातो आणि त्यांच्या रांगा लांबलचक असतात. समांतर किंग हमद कॉजवे, त्यावर रेल्वेसह, बांधायचं ठरलंय, पण तो अजून कागदावरच आहे. एकाच मार्गावर विसंबण्याचा धोका मार्च २०२० मध्ये दिसला. कोरोनामुळे पूल बंद झाला आणि सौदी नागरिकांना प्रवासासाठी तो पुन्हा मिळाला १७ मे २०२१ ला.

विमानासाठी जाणाऱ्यांनी बेटावर एरवी दोन तास धरावेत. गुरुवारी रात्रीचं मुंबईचं विमान असेल तर दुपारच्या जेवणाआधी खोबर सोडावं.