लँटोनीच्या मठात मुक्काम की ॲबरगॅव्हेनीत?

वेल्समधल्या लँटोनीचा मठ बघायचा हे पक्कं असेल, तर प्रश्न फक्त रात्रीचा उरतो. पडक्या चर्चला लागूनच, मठाच्या जुन्या इमारतीत हॉटेल आहे, तिथे उतरायचं, की दहाएक मैलांवरच्या ॲबरगॅव्हेनी शहरात खोली घेऊन दिवसा जाऊन यायचं?

सोयींच्या हिशेबात ॲबरगॅव्हेनी सरळ पुढे आहे. रेल्वे स्टेशन, दुकानं, जेवायला चार ठिकाणं, खोलीतच बाथरूम. तिकडे मठात बाथरूम सामायिक आणि बुरुजातल्या खोल्यांना दगडी चक्री जिना. त्याच्या पायऱ्या आतल्या बाजूला निमुळत्या होत जातात. हातात मोठी बॅग असली की पाय नेमका तिथेच पडतो. पाठीवरची पिशवी आणि रात्री उठावं लागलं तर छोटा टॉर्च, एवढंच न्यावं. गुडघे कुरकुरत असतील तर शहरच बरं. तसं करण्यात कमीपणा नाही, मठवासीयांनीही तेच केलं होतं: वेल्श हल्ल्यांना कंटाळून त्यातले बहुतेक जण निघून गेले आणि ११३६ मध्ये इंग्लंडमधल्या ग्लॉस्टरला दुसरा लँटोनी मठ उभा राहिला. पुढे तोच जास्त श्रीमंत झाला.

तरी माझं मत मठाकडे झुकतं, आणि ते रस्त्यामुळे. लॅनव्हिहँगल क्रुकॉर्नी गावाला मोठा रस्ता सोडला की पुढचे सहाएक मैल बरेचदा एकच गाडी मावेल एवढी वाट. दोन्ही बाजूंना उंच झाडोऱ्याची कुंपणं, त्यामुळे वळणापलीकडचं काही दिसत नाही. समोरून गाडी आली आणि पासिंग प्लेस, म्हणजे गाड्यांना एकमेकींना ओलांडता यावं म्हणून रस्ता रुंद केलेली जागा, डाव्या हाताला असेल तर आत शिरायचं. उजव्या हाताला असेल तर तिच्यासमोर थांबून समोरच्याला आत येऊ द्यायचं. चढ चढणाऱ्याला शक्य तेव्हा आधी वाट द्यायची. जवळची जागा आपल्या मागे असेल, तर रिव्हर्स आपणच घ्यायचा. दिवसा हे जमून जातं. अंधारात मात्र मागच्या दिव्याच्या उजेडात गवत कुठे संपलं आणि चर कुठे सुरू झाला ते कळत नाही, आणि डावं चाक खाली उतरतं. ॲबरगॅव्हेनीत राहून संध्याकाळ मठात घालवायची तर परतीला हेच नशिबी. शिवाय तळघरातल्या कमानदार छताखालच्या बारमध्ये बसून चालकाने पाणी प्यायचं!

मुक्काम मठातच असला की त्या दिवशी ही वाट एकदाच, तीही उजेडी. मग वाटेवरच्या कुमयोय गावातल्या चर्चपाशी थांबायलाही वेळ मिळतो. खालची जमीन सरकल्यामुळे त्याचा मनोरा एकीकडे कललाय आणि बाकीचं चर्च दुसरीकडे. दिवसाचे पाहुणे गेले की मठाचं आवार बऱ्यापैकी आपलंच. पश्चिमेच्या डोंगराची सावली आधी कमानींवर येते, पूर्वेच्या हॅटरल डोंगराचा माथा त्यानंतरही काही वेळ उजळलेला असतो. त्या माथ्यावरून ऑफाज डाइक पाथ ही लांब पल्ल्याची पायवाट जाते. चढ सुमारे ३०० मीटरचा, आणि सकाळी तो थेट दारातूनच सुरू करता येतो.

खोल्या मोजक्याच आहेत आणि हिवाळ्यात सगळे वार उघडं असेल असं धरू नका. आधी खोलीची तारीख, मग गाडी. मोबाइलला रेंज मिळेल या भरवशावर राहू नका, नकाशा आधीच उतरवून ठेवा. आणि गाडी भाड्याने घेताना मिळेल ती सर्वात अरुंद घ्या.