लायसन्सवरचा पत्ता बदलून घेतला, पुढच्या काही महिन्यांत त्याचा उपयोग काय झाला

चवथीच्या (गणेश चतुर्थीच्या) आधी आम्ही डिचोली सोडून म्हापशाला भाड्याच्या फ्लॅटमध्ये राहायला आलो आणि आल्या आल्या मी ड्रायव्हिंग लायसन्सवरचा पत्ता बदलून घेतला. आता होळीच्या दिवसांतला शिगमोही होऊन गेला. एवढ्या काळात ते कार्ड कुठे कुठे दाखवावं लागलं, कुठे चाललं आणि कुठे नाही चाललं ते लिहितोय. अर्ज कसा भरायचा हे दाखवणारे व्हिडिओ ढिगाने सापडतात. कार्ड हातात आल्यावर पुढे काय, हे सहसा कुणी सांगत नाही.

मत आधीच सांगून टाकतो. नुसती गाडी चालवायची म्हटली तर पत्ता बदलल्याने काडीचा फरक पडत नाही. लायसन्स देशभर चालतं, त्यावर डिचोली असो की म्हापसा. उपयोग होतो तो गाडीवरून उतरल्यावर, कुणी टेबलापलीकडून "पत्त्याचा पुरावा आणलाय का?" विचारतं तेव्हा. स्वतःच्या घरात राहणाऱ्याकडे वीज बिल असतं, घरपट्टीची पावती असते. भाडेकरूच्या बाबतीत हे सगळं घरमालकाच्या नावावर. आपल्याकडे उरतो तो अकरा महिन्यांचा करार, आणि तो पाहिला की समोरच्याचा चेहरा लगेच बदलतो.

अर्जाबद्दल थोडक्यात. लायसन्सच्या कामांचं सरकारी संकेतस्थळ म्हणजे सारथी पोर्टल, तिथे राज्य गोवा निवडायचं, लायसन्स नंबर आणि जन्मतारीख टाकायची, सेवांच्या यादीत पत्ता बदलण्यावर खूण करायची. मार्च २०२१ मध्ये केंद्राने आधार पडताळणी करून घरबसल्या मिळणाऱ्या १८ सेवांची यादी काढली, त्यात ही सेवा आहे. आधार द्यायचं नसेल तर कागद घेऊन वाहतूक खात्याच्या कार्यालयात जाता येतं. मोटार वाहन नियमांतल्या नियम ३२ च्या तक्त्यात पत्ता बदलण्याचं शुल्क २०० रुपये आणि स्मार्ट कार्डाचे वेगळे २०० असं लिहिलंय. कार्यालयाबाहेरचा एजंट याच कामाचे किती मागतो ते विचारून बघा, घरबसल्या अर्ज भरायचा हुरूप आपोआप येईल. पैसे खात्यातून गेले आणि पावती आली नाही, तर घाबरून दुसऱ्यांदा भरू नका. शुल्काच्याच भागात ‘व्हेरिफाय पे स्टेटस’ असा पर्याय आहे, आधी तिथे बघा.

घोडं पेंड खातं ते आधारपाशी. आधारने पडताळणी केली की पत्ता तिथूनच उचलला जातो, म्हणून आधी आधार, मग लायसन्स, हा क्रम पाळावाच लागतो. मी भाडेकरार जोडून आधारवरचा पत्ता बदलला. बायकोचं नाव करारात नव्हतं, तिच्यासाठी ‘कुटुंबप्रमुख’ या पर्यायातून अर्ज केला. या पर्यायात प्रमुखाला आपल्या लॉगिनमध्ये जाऊन ३० दिवसांच्या आत मंजुरी द्यावी लागते. म्हणजे तिचा अर्ज मंजूर करणारा अधिकारी मीच. हा मान घरात फार काळ टिकला नाही, ते सोडा.

आता पत्ता लिहिण्याबद्दल. गोव्यात राहणाऱ्याने यात वेळ घालवायलाच हवा. आमचा फ्लॅट खोर्लीत. म्हापशातली खोर्ली इंग्रजीत ‘केएच’ने सुरू होते आणि तिसवाडीत, जुन्या गोव्याच्या पुढे, औद्योगिक वसाहतवाली जी खोर्ली आहे ती ‘सी’ने. घरमालकाच्या वीज बिलावर एक स्पेलिंग, सोसायटीच्या पाटीवर दुसरं, करार टाइप करणाऱ्याने तिसरंच घातलेलं. मी आधारसाठी अर्ज करण्याआधी एका कोऱ्या कागदावर पत्ता इंग्रजीत एकदाच नीट लिहून काढला. फ्लॅट, इमारत, खोर्ली, म्हापसा, बार्देश, उत्तर गोवा, ४०३५०७. करार दुरुस्त करून घेतला आणि मग तोच मजकूर अक्षर न अक्षर सगळीकडे उतरवला. मारुतीच्या देवळाजवळ, पिंपळासमोर, अमक्या बारच्या मागे असल्या खुणा कुरियरवाल्याला फोनवर सांगायला ठीक आहेत, पण त्या आधारमध्ये घुसल्या की कार्डावर येऊन बसतात. कार्डावर पत्त्याला जागा जेमतेम दोन-तीन ओळींची. खुणांनीच ती भरली तर फ्लॅट नंबर शोधायला भिंग लागेल.

फोंड्याच्या लोकांनी आणखी एक गोष्ट बघावी. फोंडा तालुका २०१५ मध्ये उत्तर गोव्यातून दक्षिण गोवा जिल्ह्यात गेला. त्याआधीच्या कित्येक कागदांवर अजून उत्तर गोवाच छापलेलं असतं, आणि फॉर्ममध्ये जिल्हा निवडल्याशिवाय तालुक्यांची यादी उघडत नाही.

फॉर्ममध्ये सध्याचा पत्ता आणि कायमचा पत्ता हे दोन वेगळे रकाने आहेत. दोन्ही बदलायचे की एकच, हे तुम्ही ठरवायचं. मी कायमचा पत्ता डिचोलीचाच ठेवला. भाड्याचं घर आज आहे, उद्या नाही. चवथ गावच्या घरातच होते, कुळाचा देव तिथेच, आणि करार संपला की सामान परत कुठे जाईल ते देवालाच ठाऊक. माझ्या कार्डावर सध्याचा, म्हणजे म्हापशाचा पत्ता छापून आला. मला हवं होतं तसंच. ज्यांनी गावचं घर कायमचं सोडलंय त्यांनी दोन्ही बदलून मोकळं व्हावं.

लायसन्स नंबर मात्र तोच राहतो. सुरुवातीचं जीए-०४ म्हणजे डिचोली, आणि पत्ता बार्देशातला असला तरी ते तसंच आहे. गिरीला हायवेवर तपासणी चालली होती, तिथे पोलिसाने कार्ड उलटसुलट केलं, नंबर बघितला, पत्ता बघितला आणि विचारलं, "दिवचलचे मरे तुमी?" (डिचोलीचे ना तुम्ही?) हो म्हटलं, आता म्हापशाला असतो. "बरें, वचात." (बरं, जा.) रस्त्यावर या नव्या पत्त्याचा एवढाच काय तो संबंध आला.

डिजिलॉकरबद्दल एक सांगून ठेवतो, कारण बरेच जण इथे गोंधळतात. पत्ता बदलल्याचा मेसेज आला म्हणून ॲप उघडलं तर आत जुनाच पत्ता. तिथली प्रत आपण पहिल्यांदा घेतली त्या दिवशीची असते. त्या कागदावरचं ताजं करायचं बटण दाबलं की नवी माहिती येते. २०१८ पासून डिजिलॉकर आणि एमपरिवहन या ॲपमधली प्रत मूळ कागदाइतकीच ग्राह्य आहे. गॅलरीत काढून ठेवलेल्या फोटोला तो मान नाही. कार्ड यायच्या आधीच्या दिवसांत माझं सगळं या प्रतीवर चाललं.

आता बँक. पावसाळा संपता संपता एका बँकेचा केवायसी, म्हणजे ओळख आणि पत्त्याची पडताळणी, नव्याने करा असा मेसेज आला. शाखेत गेलो तर काउंटरवरच्या मुलीने सरळ वीज बिल मागितलं, तेही माझ्या नावाचं. मी लायसन्स पुढे केलं. रिझर्व्ह बँकेच्या केवायसी नियमांत ज्या कागदांना ‘अधिकृत वैध दस्तऐवज’ म्हणतात त्यांत पासपोर्ट, मतदार ओळखपत्र, आधार यांच्यासोबत ड्रायव्हिंग लायसन्सही आहे. त्यावर चालू पत्ता असेल तर वेगळ्या बिलाची गरज उरत नाही. पत्ता जुना असेल तर मात्र दोन महिन्यांहून जुनं नसलेलं बिल किंवा घरपट्टीची पावती तात्पुरती चालवून घेतात, आणि मग तीन महिन्यांत नव्या पत्त्याचा अधिकृत कागद आणून द्यावा लागतो. म्हणजे आज टाळलेलं काम तीन महिन्यांनी पुन्हा दारात उभं. ती मुलगी आत जाऊन विचारून आली, "चालेल काका" म्हणाली आणि झेरॉक्स काढून घेतली. काका म्हटल्याचं जरा लागलं, पण काम झालं.

तुम्ही म्हणाल, आधारवर नवा पत्ता होताच की, मग लायसन्स कशाला? मला जिथे तिथे आधारची झेरॉक्स वाटत फिरायला आवडत नाही. जिममध्ये आधार, हॉटेलात आधार, सिमकार्डाच्या दुकानात आधार, आणि ती झेरॉक्स पुढे कुठल्या टेबलाच्या खणात पडते कुणास ठाऊक. लायसन्सवर फोटो आहे, पत्ता आहे, सरकारी आहे. पत्ता बदलल्यापासून आधार घरातच ठेवतो आणि बाहेर लायसन्स चालवतो. आमच्या सोसायटीत, गॅस एजन्सीत आणि बेळगावच्या हॉटेलात कुणीही काही बोललं नाही. अर्जाचे पैसे वसूल झाले ते मला वाटतं इथेच.

पासपोर्टला मात्र हे चालत नाही. तिथल्या पत्त्याच्या पुराव्यांच्या यादीत आधार आहे, मतदार ओळखपत्र आहे, वीज बिल आहे, नोंदणीकृत भाडेकरार आहे, लायसन्स नाही. मतदार यादीतला पत्ताही आपोआप बदलत नाही, त्याचा फॉर्म ८ वेगळा. मी तो भरला नाही आणि भरणारही नाही, मत गावीच.

सगळ्यात मोठा गैरसमज गाडीच्या आरसीचा, म्हणजे नोंदणी प्रमाणपत्राचा. लायसन्सवर पत्ता बदलला म्हणजे स्कूटरच्या कागदावर बदलला असं धरून चालणारे माझ्या ओळखीत भरपूर आहेत. दोन्ही कागद वेगळे, पोर्टलही वेगळी, लायसन्सचं सारथी आणि गाडीचं वाहन. आरसीच्या बाबतीत कायदा जास्त कडक आहे. मोटार वाहन कायद्याच्या कलम ४९ प्रमाणे राहण्याची जागा बदलल्यावर ३० दिवसांच्या आत कळवायला हवं, त्यासाठी फॉर्म ३३. गाडीवर कर्ज असेल तर कर्ज देणाऱ्याची संमतीही लागते. माझ्या स्कूटरचे हप्ते चालू होते. ते पत्र काढून घेताना नाकी नऊ आले. इकडची शाखा तिकडे बोट दाखवते, तिकडची म्हणते ईमेल करा. पत्ता बदलायच्या सगळ्या प्रकरणात सर्वांत जास्त वेळ या एका पत्राने खाल्ला, तेव्हा कर्जाची गाडी असेल तर पहिल्या दिवसापासून त्यामागे लागा.

आणि आरसी टाळण्यासारखी नाही, कारण कॅमेऱ्याचं चलन गाडीच्या नंबरावरून निघतं. पणजीजवळच्या मेरशी जंक्शनला जून २०२३ पासून सिग्नलवरचे कॅमेरे आपोआप चलन काढतात. तिथे तुमचं लायसन्स कुणी बघत नाही. नंबरप्लेटवरून मालक, मालकाचा मोबाईल आणि मालकाचा पत्ता. नियमाप्रमाणे गुन्ह्याची नोटीस १५ दिवसांत पाठवायची असते, पण ती जुन्या घरी गेली आणि मोबाईलही जुनाच नोंदलेला असला तर तुम्हाला पत्ता लागायचा नाही. आमच्या शेजाऱ्यांना अशी जुनी चलनं एकदम कळली ती गाडी विकताना. म्हणून पत्ता बदलाल तेव्हा दोन्ही पोर्टलवर मोबाईल नंबरही बघून घ्या.

लायसन्सची मुदत वर्षाच्या आत संपणार असेल तर पत्ता आणि नूतनीकरण एकाच अर्जात करा. मुदत संपण्याआधी एक वर्षापर्यंत नूतनीकरणाचा अर्ज करता येतो आणि सारथीवर दोन्ही सेवांवर एकदम खूण करता येते. शुल्क दोन्हींचं लागेल, हेलपाटा एकच. चाळिशी उलटलेल्यांना नूतनीकरणासाठी डॉक्टरचं वैद्यकीय प्रमाणपत्र, म्हणजे फॉर्म १ए, लागतं.

ज्यांचं लायसन्स जुन्या पुस्तकाचं आहे त्यांची गोष्ट वेगळी. माझे मामा वाळपईहून फोंड्याला मुलाकडे आले, त्यांचा नंबर सारथीवर टाकला तर माहितीच निघेना. जुनी नोंद संगणकावर चढलेलीच नसते, ती आधी ‘बॅकलॉग’ म्हणून चढवून घ्यावी लागते, आणि ते काम ज्या कार्यालयाने लायसन्स दिलं तिथेच होतं. घरबसल्या वगैरे काही नाही, मूळ पुस्तक घेऊन जायचं. जाण्याआधी त्याच्या प्रत्येक पानाचा फोटो काढून ठेवा. मामांच्या पुस्तकातली शाई इतकी फिकी झाली होती की तारीख आम्हाला उन्हात धरून वाचावी लागली.