ईसेटचा गेमर मोड: खेळताना गप्प बसणारा अँटीव्हायरस

वडोदऱ्यात दांडिया बाजारातल्या आमच्या घरी कॉम्प्युटर एकच. दिवसा त्यावर माझं जीएसटीचं काम, रात्री चिरंजीवांचं काउंटर-स्ट्राइक. म्हणून अँटीव्हायरस बंद करून खेळणं मला चालत नाही. आधीचा फुकटातला एक ऐन मारामारीत ‘प्रीमियम घ्या’ची पाटी पुढे करायचा, आणि पोराच्या शिव्या स्वयंपाकघरापर्यंत ऐकू यायच्या.

ईसेटमध्ये फुल स्क्रीन अ‍ॅप सुरू होताच गेमर मोड आपोआप लागावा, अशी सोय प्रगत सेटिंगमध्ये आहे. पॉप-अप दबतात, ठरलेली कामं थांबतात, संरक्षण मात्र मागे चालूच राहतं. माझ्यासाठी हेच महत्त्वाचं. टास्कबारवरचं चिन्ह तेव्हा नारिंगी होतं. तो बिघाड नव्हे, इशारा आहे.

मेख एकच. फायरवॉल, म्हणजे नेटची ये-जा तपासणारा भाग, इंटरॅक्टिव्ह मोडवर असेल तर गेमला नेट मिळायला अडचण येऊ शकते, कारण परवानगी विचारणारी खिडकीच दबलेली असते. फायरवॉल ऑटोमॅटिकवर ठेवा. गेमचं अख्खं फोल्डर स्कॅनमधून वगळायचा सल्ला जो तो देतो. क्रॅक केलेले, म्हणजे चोरीचे गेम उतरवणाऱ्यांनी तर तो मुळीच ऐकू नये.

पाचपैकी चार तारे. छोट्या खिडकीत खेळलं तर मोड हातानेच लावावा लागतो.